अपारदर्शकता कोण ठरवतं? व्हॉल्यूम रेंडरिंगच्या एका लायब्ररीचं वाचन

आजचा विषय कळल्यावर काही जणांनी आम्हाला विचारलं, की सॉफ्टवेअरच्या लायब्ररीची समीक्षा करायची म्हणजे करायचं तरी काय? ती चालते किंवा चालत नाही, संपला विषय. प्रश्न रास्त आहे. आमचं उत्तर असं, की जी वस्तू चित्र काढते तिची समीक्षा होऊ शकते. चित्रात काय दाखवायचं, काय झाकायचं, उजेड कुठून टाकायचा, हे ठरवणारा कोणीतरी असतो. इथे तो निर्णय काही फायलींमध्ये लिहून ठेवलेला आहे. त्या फायली उघड्या आहेत, कोणालाही वाचता येतात. आज आपण त्या वाचणार आहोत.

विंडोज संगणकावर सीटी स्कॅन पाहण्याचं एखादं मुक्त सॉफ्टवेअर बसवा आणि त्याचा फोल्डर उघडा. ‘व्हीटीके’ या अक्षरांनी सुरू होणाऱ्या डीएलएल फायलींची रांगच्या रांग दिसण्याची शक्यता मोठी आहे. त्यात ‘रेंडरिंग व्हॉल्यूम’ असं नाव असलेल्या दोनतीन फायली असतात. त्यांच्यावर डबल-क्लिक करून काही होत नाही, कारण त्या स्वतः प्रोग्रॅम नाहीत. प्रोग्रॅमला जेव्हा स्कॅनचं त्रिमित चित्र हवं असतं, तेव्हा तो यांना हाक मारतो. आपलं डोकं, आपलं हृदय, आपलं मोडलेलं हाड पडद्यावर कसं दिसेल, याचा बराचसा भाग या फायलींमध्ये ठरतो. आणि त्यांचं नाव ना रुग्णाला ठाऊक असतं, ना बहुतेक डॉक्टरांना.

थोडी पूर्वतयारी करू. सीटी स्कॅनमधून मिळतात ते काप. पावाची लादी कापावी तसे, एकामागोमाग एक. प्रत्येक कापात साधारण ५१२ गुणिले ५१२ ठिपके आणि प्रत्येक ठिपक्याला एक संख्या. हवा उणे १०००, पाणी शून्य, हाड काही शे ते हजाराच्या पुढे. हे काप एकावर एक रचले की संख्यांचा एक ठोकळा तयार होतो. असे ५०० काप असतील आणि प्रत्येक संख्येला दोन बाइट लागत असतील, तर एका माणसाचे २६ कोटींहून जास्त बाइट होतात. या ठोकळ्याला ‘व्हॉल्यूम’ म्हणायचं आणि त्यातल्या प्रत्येक कणाला ‘व्हॉक्सेल’.

एक गोष्ट इथेच पक्की करून घेऊ. या ठोकळ्यात रंग नाही. हाड पांढरं, रक्तवाहिनी लाल, त्वचा गव्हाळ, यातलं काहीही त्यात नाही. फक्त संख्या आहेत.

संख्यांचं चित्र करायचे दोन मोठे मार्ग. पहिला मार्ग पृष्ठभागाचा. एक आकडा ठरवायचा, समजा ३००, आणि त्याच्या वरचं ते हाड असं म्हणून त्या सीमेवर त्रिकोणांची जाळी विणायची. ‘मार्चिंग क्यूब्ज’ नावाची ही पद्धत विल्यम लॉरेन्सन आणि हार्वे क्लाइन यांनी १९८७ मध्ये मांडली. दुसरा मार्ग १९८८ मध्ये मार्क लेव्हॉय यांच्या लेखातून, आणि त्याच वर्षी ड्रेबिन, कार्पेंटर आणि हॅनरहान यांच्या लेखातून पुढे आला. त्यात सीमा काढायचीच नाही. पडद्याच्या प्रत्येक ठिपक्यातून एक किरण ठोकळ्यात सोडायचा. तो ठरावीक अंतरावर थांबत थांबत जातो. प्रत्येक थांब्यावर तिथली संख्या वाचतो आणि एका तक्त्यात बघतो, की या संख्येला रंग कोणता आणि अपारदर्शकता किती. मग ते रंग एकात एक मिसळत जातात. हेच व्हॉल्यूम रेंडरिंग. पहिला मार्ग हो किंवा नाही म्हणतो, दुसरा ‘इतकं इतकं’ म्हणतो.

तो जो तक्ता आहे, त्याला ‘ट्रान्सफर फंक्शन’ म्हणतात. आजच्या आमच्या बोलण्याचा सगळा रोख त्याच्यावर आहे.

आता कृतीकडे येऊ. व्हीटीके, म्हणजे व्हिज्युअलायझेशन टूलकिट, १९९३ मध्ये सुरू झालं ते एका पुस्तकाच्या सोबतीचं सॉफ्टवेअर म्हणून. विल श्रोडर, केन मार्टिन आणि बिल लॉरेन्सन हे तिघंही जनरल इलेक्ट्रिकमध्ये नोकरीला होते. कंपनीची परवानगी घेऊन, स्वतःच्या वेळात त्यांनी ते लिहिलं. मार्चिंग क्यूब्जवाले लॉरेन्सन ते हेच. आणि इथे एक मजेशीर पेच आहे. त्या पद्धतीचं पेटंट जनरल इलेक्ट्रिककडे होतं. म्हणजे लॉरेन्सन यांच्याच पद्धतीला कुंपण होतं आणि त्यांच्याच हातची लायब्ररी सगळ्यांना खुली होती. मग लायब्ररीत ‘पेटंटेड’ नावाचा वेगळा कप्पाच ठेवला गेला. त्यातलं वापरायचं तर जबाबदारी तुमची. २००५ मध्ये पेटंट संपलं आणि पुढे तो कप्पाही गेला. लायब्ररीच्या फोल्डरांची रचनासुद्धा इतिहास सांगते, तो असा.

वेगाचा इतिहास आम्ही थोडक्यात आटोपतो. १९९४ मध्ये लॅक्रूट आणि लेव्हॉय यांनी शीअर-वॉर्प पद्धतीनं सिलिकॉन ग्राफिक्सच्या इंडिगो वर्कस्टेशनवर २५६ घन व्हॉक्सेलचं चित्र एका सेकंदात काढून दाखवलं आणि त्यातून व्हॉलपॅक ही लायब्ररी आली. १९९९ मध्ये मित्सुबिशी इलेक्ट्रिकनं व्हॉल्यूमप्रो नावाचं कार्ड आणलं. ते साध्या पीसीत बसायचं आणि तेवढाच ठोकळा सेकंदाला ३० वेळा रंगवायचं. पण पुढच्या काही वर्षांत व्हिडिओ गेमसाठी बनलेली ग्राफिक्स कार्डंच हे काम करू लागली आणि खास कार्डाची गरज सरली. व्हीटीकेमध्ये व्हॉल्यूमप्रोसाठी लिहिलेला भाग होता, तोही नंतर काढून टाकला गेला. थोडक्यात, जे काम महागड्या वर्कस्टेशनवर चालायचं ते टेबलावरच्या संगणकावर आलं, आणि मग प्रश्न वेगाचा उरला नाही. प्रश्न उरला तो दाखवण्याचा.

आता प्रत्यक्ष वाचन. या लायब्ररीत आम्हाला सगळ्यात जास्त आवडलेली गोष्ट म्हणजे कामाची विभागणी. किरण सोडणारा भाग वेगळा, त्याला ‘मॅपर’ म्हणतात. दिसण्याचे निर्णय धरून ठेवणारा भाग वेगळा, त्याचं नाव ‘व्हॉल्यूम प्रॉपर्टी’. म्हणजे गणित एका खोलीत आणि मत दुसऱ्या खोलीत. प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला रंगाचा आणि अपारदर्शकतेचा तक्ता स्वतःच्या हातानं भरावा लागतो. हे प्रामाणिक आहे. लायब्ररी जणू विचारते, तुम्हाला काय बघायचंय ते आधी सांगा.

पण तुम्ही काहीच सांगितलं नाही तर? तिथे आपोआप धरलेली मूल्यं येतात, ज्यांना आपण ‘डिफॉल्ट’ म्हणतो. समीक्षकानं डिफॉल्ट नीट वाचावेत, कारण लेखकाचा स्वभाव तिथे कळतो. व्हॉल्यूम प्रॉपर्टीत मधल्या जागेचं मूल्य काढायची डिफॉल्ट पद्धत ‘निअरेस्ट’ आहे, म्हणजे जवळच्या व्हॉक्सेलचा आकडा जसाच्या तसा घ्यायचा. चित्र ठोकळ्याठोकळ्यांचं दिसतं. आणि छायाप्रकाश डिफॉल्टनं बंद आहे. चित्र सपाट, धुरकट दिसतं. या लायब्ररीवरची शिकवणीची उदाहरणं पाहिलीत तर बहुतेकांत लगेच दोन ओळी येतात. पहिली, ‘लिनिअर करा’. दुसरी, ‘शेड चालू करा’. मग चित्र गुळगुळीत होतं, संगमरवरी पुतळ्यासारखं उठून दिसतं.

आमच्या मते हा डिफॉल्ट कुरूप आहे आणि बरोबरही आहे. ठोकळे दिसतात तेव्हा कळतं, की माहिती एवढीच आहे. लिनिअर केल्यावर दोन व्हॉक्सेलच्या मधली जी मूल्यं दिसतात ती कोणी मोजलेली नसतात, ती काढलेली असतात. छाया तर त्याहून पुढची. स्कॅनमध्ये दिवा नव्हता, सावली नव्हती. शेजारच्या संख्यांमधल्या फरकावरून ‘इथे पृष्ठभाग असावा’ असं धरून उजेड टाकला जातो. डोळ्याला सावली दिसली, की मन म्हणतं ही वस्तू खरी आहे. हे वक्तृत्व झालं. वक्तृत्व वाईट नसतं, पण ते वक्तृत्व आहे हे ऐकणाऱ्याला ठाऊक असावं.

आता एक उदाहरण, जे प्रोग्रॅमरलाही हमखास चकवतं. अपारदर्शकता ही अंतरावर अवलंबून असते. धुक्यातून दहा पावलांवरचं दिसतं, शंभर पावलांवरचं दिसत नाही, तसं. म्हणून लायब्ररीत ‘युनिट डिस्टन्स’ नावाचं एक मूल्य आहे, डिफॉल्ट १. म्हणजे तक्त्यात ०.१ लिहिलं, तर एका एककात दहा टक्के अडेल. एकक कोणतं? ते लायब्ररी विचारत नाही, फाईलमध्ये जे असेल ते. समजा १० मिलीमीटर जाडीचा थर आहे. अंतरं मिलीमीटरमध्ये लिहिली असतील, तर तो थर सुमारे ६५ टक्के अपारदर्शक होतो. तीच अंतरं मीटरमध्ये लिहिली, तर थराची जाडी ०.०१ एकक, आणि अपारदर्शकता साधारण ०.१ टक्का. पडदा जवळजवळ कोरा. मायक्रोमीटरमध्ये लिहिली, तर तोच थर दगडासारखा ठार. वस्तू तीच, संख्या त्याच, तक्ता तोच. फक्त मोजपट्टीवरचं नाव बदललं. लायब्ररी कसलीही तक्रार करत नाही, कारण तिच्या हिशेबात काही चुकलेलंच नाही.

गंमत अशी, की दुसरीकडे हीच लायब्ररी बऱ्यापैकी बोलकी आहे. ग्राफिक्सवर काम करणारी फाईल जोडायची राहिली, तर ती ‘नो ओव्हरराइड फाउंड’ असा निरोप देते. व्हीटीके वापरलेल्या कुणालाही विचारा, या तीन शब्दांनी किती संध्याकाळी खाल्ल्या आहेत. पण फाईल हरवल्याची बातमी देणारी ही लायब्ररी अर्थ हरवल्याची बातमी देत नाही. आमची मुख्य तक्रार ही आहे.

यात खरोखर काय पणाला लागतं? खोटी छिद्रं. आपल्या डोळ्याच्या खोबणीचा तळ आणि तिची नाकाकडची भिंत ही हाडं कागदासारखी पातळ असतात. व्हॉक्सेलपेक्षाही पातळ. एका व्हॉक्सेलचा एक तृतीयांश भाग हाडानं व्यापलाय, उरलेला मऊ ऊतींनी. समजा हाड ७०० आणि ऊती ४०. सरासरी येते २६०. आणि तुमचा हाडाचा तक्ता ३०० पासून सुरू होतो. झालं. हाड असूनही दिसत नाही. चित्रात तिथे भोक. रेडिओलॉजीत ही गोष्ट चांगली माहीत आहे, आणि म्हणूनच तज्ज्ञ मूळ काप पाहिल्याशिवाय मत देत नाहीत.

पण त्रिमित चित्र फक्त तज्ज्ञाकडे जात नाही. ते रुग्णाला दाखवलं जातं, नातेवाइकांना दाखवलं जातं, बातमीत छापून येतं. २०१४ मध्ये ब्रिटिश म्युझियमनं आठ ममींच्या स्कॅनवर आधारित प्रदर्शन भरवलं होतं. अशा ठिकाणी आलेल्या माणसापुढे काप नसतात, तयार चित्रच असतं. ते जे दाखवेल ते त्याच्यासाठी ममीचं शरीर. आणि त्याच आकड्यावरून पृष्ठभाग काढून थ्रीडी प्रिंटरला दिला, तर भोक पडद्यावरून उतरून हातातल्या प्लॅस्टिकच्या कवटीत येतं.

इथे काही जण म्हणतील, की हे लायब्ररीचं काम नाही, तिच्यावर बांधलेल्या सॉफ्टवेअरचं आहे. अर्धं पटतं. म्हणून ती सॉफ्टवेअरंही पाहू. थ्रीडी स्लायसर हे व्हीटीकेवर उभं असलेलं एक नावाजलेलं मुक्त सॉफ्टवेअर. त्यात तयार तक्ते मिळतात, त्यांची नावं ‘सीटी-बोन’, ‘सीटी-मसल’, ‘एमआर-अँजिओ’ अशी. नाव पाहा. ‘हाडासाठी आमची सूचना’ असं नाव नाही. थेट ‘हाड’. एका तज्ज्ञानं निवडलेला तक्ता यादीत जाऊन बसला, की तो सूचना राहत नाही, वस्तूचं नाव होऊन बसतो. लायब्ररीनं ज्या मताला वेगळी खोली दिली होती, त्या खोलीच्या दाराला वरच्या मजल्यावर रंग लावून भिंत केली गेली, असं आम्हाला दिसतं. तरी स्लायसरच्या बाजूनं एक सांगायला हवं. तक्त्याची वक्ररेषा तिथे पडद्यावर दिसते, ओढता येते. ज्याला बघायचंय त्याच्यासाठी दार उघडतं.

ब्राझीलचं इनव्हेसालियस हे दुसरं उदाहरण. कॅम्पिनास इथल्या सरकारी संशोधन केंद्रात २००१ मध्ये ते सुरू झालं, सार्वजनिक रुग्णालयांना परदेशी महागडं सॉफ्टवेअर परवडत नव्हतं म्हणून. तेही व्हीटीकेवर. व्हीटीके खुली नसती तर हे काम इतक्या सहज उभं राहिलं नसतं. आम्ही दोष काढतोय ते या ऋणाची जाणीव ठेवून. बंद डब्यातल्या लायब्ररीचे दोष काढताही आले नसते.

आणि एक नाव, जे मराठी कानाला लगेच कळेल. ऑस्ट्रेलियन नॅशनल युनिव्हर्सिटीत अजय लिमये यांनी व्हॉल्यूम पाहण्यासाठी एक मुक्त सॉफ्टवेअर लिहिलं, त्याचं नाव ‘दृष्टी’. जीवाश्म, कीटक, खडक यांच्या सूक्ष्म स्कॅनसाठी ते वापरलं जातं. नाव अचूक आहे. आपल्याकडे दृश्य वेगळं आणि दृष्टी वेगळी. दृश्य समोर असतं, दृष्टी बघणाऱ्याची असते. ट्रान्सफर फंक्शनला मराठीत एका शब्दात काय म्हणावं असं आम्हाला विचारलं, तर आम्ही ‘दृष्टी’च म्हणू.

आता आमच्याच म्हणण्यावरचा आक्षेप आम्हीच घेतो. काप तरी निष्पाप आहेत का? नाहीत. हजारो पातळ्यांच्या संख्या पडद्याच्या करड्या छटांत बसवताना कुठून कुठपर्यंतचा पट्टा दाखवायचा, हे तिथेही निवडावं लागतं. फुप्फुसाचा पट्टा लावला तर हाडाचे बारकावे जातात, हाडाचा लावला तर फुप्फुस काळं. फरक एवढाच, की कापाच्या कोपऱ्यात तो पट्टा बहुधा आकड्यांत लिहिलेला असतो. रेडिओलॉजीची ती जुनी शिस्त आहे. चित्राबरोबर त्याची अट लिहायची. त्रिमित चित्र आलं आणि ती शिस्त सुटली. रंगीत, छायांकित, फिरणारी कवटी येते आणि तिच्या कोपऱ्यात काहीच नसतं. हातच्या कांकणाला आरसा कशाला, असं आपण म्हणतो. हे चित्र आपल्याला कांकण वाटतं, प्रत्यक्षात ते आरशातलं प्रतिबिंब आहे.

मग मागणी काय? मोठी नाही. वैद्यकीय चित्रांच्या डायकॉम मानकात व्हॉल्यूम रेंडरिंगची स्थिती, म्हणजे रंगाचा आणि अपारदर्शकतेचा तक्ता धरून, साठवायची सोय आहे. पण लोक पाठवतात ते साधं पीएनजी चित्र. आता गंमत बघा, व्हीटीकेमध्येच पीएनजी लिहिणाऱ्या भागाला चित्रासोबत मजकूर जोडता येतो. म्हणजे तक्ता, युनिट डिस्टन्स, किरणाच्या थांब्यांमधलं अंतर आणि छाया चालू की बंद, एवढं चित्राच्या पोटात ठेवायला थोड्याच ओळी पुरतील. साधन घरात आहे, वापरायची पद्धत नाही. ती लायब्ररीनं घालून द्यावी असं आमचं म्हणणं आहे, कारण लायब्ररीनं घालून दिलेली पद्धत वरची शंभर सॉफ्टवेअरं आपोआप उचलतात.

किरणाच्या थांब्यांबद्दल जाता जाता सांगतो. ग्राफिक्स कार्डावर चालणारा मॅपर डिफॉल्टनं ते अंतर आपोआप बदलू शकतो. चित्र फिरवताना वेग हवा म्हणून विरळ, थांबल्यावर दाट. आणि कार्ड नसेल तर ‘स्मार्ट’ नावाचा मॅपर मुख्य प्रोसेसरवर काम ढकलतो. सोय उत्तम. पण त्यामुळे दोन टेबलांवरच्या दोन संगणकांवर एकच रुग्ण जरा वेगळा दिसू शकतो, आणि कोणत्या वाटेनं चित्र आलं हे चित्र सांगत नाही.

शेवटी श्रोत्यांमधून आलेला एक प्रश्न इथे घेतो. एका डॉक्टर बाईंनी विचारलं, “आम्ही तसेही काप पाहूनच निर्णय घेतो. मग एवढा ऊहापोह कशासाठी?” बाई, तुम्ही काप पाहता म्हणूनच तुम्हाला या चित्राचा धोका नाही. ज्याला काप वाचता येत नाहीत त्याला आहे. तुमचा रुग्ण ते चित्र फोनवर घेऊन घरी जातो, घरच्यांना दाखवतो, भोक दाखवून घाबरतो किंवा भोक नाही म्हणून निश्चिंत होतो. त्याच्यासाठी त्या चित्रावर एक ओळ हवी, “हे अमुक आकड्याच्या वरचंच दाखवलं आहे”. ती ओळ मराठीत असेल तर फारच उत्तम. ती लिहायला लागणारी सगळी माहिती त्या डीएलएल फायलींपाशी चित्र काढताना असतेच. चित्र झालं की ती टाकून दिली जाते, तेवढी टाकू नये.